पातळी राखतो फ्लोट, माप ठरवतो जेट

1 एप्रिल 2020 पासून देशभर बीएस-6 लागू झालं आणि नव्या दुचाकींमधून कार्बोरेटर जवळपास हद्दपार झाला. जुन्या गाड्या मात्र अजून धावतायत, आणि त्यांच्यासोबत समजुतीही.

सगळ्यात पक्की समजूत अशी, की अ‍ॅक्सिलरेटर पिळला की फ्लोट जास्त पेट्रोल सोडतो. फ्लोटचा अ‍ॅक्सिलरेटरशी थेट संबंधच नाही. त्याचं काम गच्चीवरच्या टाकीतल्या बॉल-कॉकचं. चेंबरमध्ये पेट्रोल चढलं की फ्लोट उचलला जातो, नीडल सीटमध्ये बसते, आवक बंद. इंजिनात किती जायचं ते जेट आणि घशातून वाहणारी हवा ठरवते. घशात दाब कमी होतो आणि चेंबरवरचा हवेचा दाब पेट्रोलला वर ढकलतो. म्हणूनच चेंबरचं हवेचं छिद्र बुजलं, तर फ्लोट ठणठणीत असूनही गाडी गडबडते.

पेट्रोलची पातळी नोझलच्या तोंडाखाली काही मिलिमीटरवर असते. ती वर आली की चढण घटते आणि मिश्रण रिच होतं. प्लग काळा पडतो, अ‍ॅव्हरेज घसरतं. तेव्हा ‘लेव्हल वाढवली की पिकअप वाढतो’ हा सल्ला ऐकू नये. पातळी फार उतरली, तर जोरात पळवताना गाडी आचके देते.

ओव्हरफ्लो झाला की काही जण एअर स्क्रू फिरवत बसतात. तो स्क्रू मुख्यतः आयडलिंगचं मिश्रण बघतो. गळतीचं कारण बहुधा नीडलखाली अडकलेला कचरा, झिजलेलं टोक किंवा भोक पडून पेट्रोल भरलेला फ्लोट. स्क्रूड्रायव्हरच्या मुठीने ठोकल्यावर गळती थांबते ही मात्र अंधश्रद्धा नव्हे. अडकलेली नीडल खरंच सुटते. फक्त कचरा आतच राहतो.

गाडी आडवी पडल्यावर नळीतून पेट्रोल गळलं, म्हणून कार्बोरेटर बिघडला असंही नाही. फ्लोट चालतो गुरुत्वाकर्षणावर, आणि ते दगा देतं तेव्हा काय होतं हे 1940 साली ब्रिटिश वैमानिकांनी भोगलं. स्पिटफायरने एकदम नाक खाली घातलं की चेंबरमधलं पेट्रोल वर उसळे आणि मर्लिन इंजिन क्षणभर उपाशी राहून खोकत असे. त्यानंतर फ्लोटचा ताबा सुटून पेट्रोलचा पूर येई. जर्मन मेसरश्मिट 109 मध्ये फ्युएल इंजेक्शन होतं, त्यामुळे ती बेधडक सूर मारून निसटत. 1941 मध्ये फार्नबरोच्या इंजिनियर बिअ‍ॅट्रिस शिलिंग यांनी पेट्रोलच्या वाटेत एक छिद्राची चकती बसवली. इंजिनाच्या कमाल गरजेइतकंच पेट्रोल आत यायचं, पुराचा प्रश्न पुष्कळसा मिटला.

राहता राहिली फ्लोटची उंची. बऱ्याच दुचाकींत ती कार्बोरेटर उलटा किंवा तिरका धरून गॅस्केटच्या पृष्ठभागापासून मोजतात. आकडा वाढला म्हणजे पेट्रोलची पातळी वाढली असं अनेकांना वाटतं. प्रत्यक्षात उलट: आकडा जितका मोठा, तितकी नीडल लवकर बंद होते आणि पातळी खाली राहते. पट्टी वाकवण्याआधी मॅन्युअलमधला आकडा बघावा, आणि मोजताना नीडलची स्प्रिंग दाबली जाऊ देऊ नये.