ज्येष्ठांना कोण सांभाळणार आणि सांभाळणारीला पगार कोण देणार?

वस्तीत काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना पूर्वी फोन यायचे ते रक्तासाठी, दाखल्यासाठी, नाहीतर पोलीस ठाण्यातल्या तक्रारीसाठी. आता आणखी दोन प्रकारचे फोन येऊ लागले आहेत. पहिला असा : "दादा, आई अंथरुणाला खिळली आहे. आम्ही दोघेही कामाला जातो. कोणी मावशी मिळेल का? पण जास्त पैसे मागणारी नको." दुसरा असा : "दादा, मी पेशंट सांभाळते. बारा तासांची ड्युटी आहे. ब्युरोवाल्याने दोन महिन्यांचा पगार अडवला आहे. काही करता येईल का?"

हे दोन्ही फोन अनेकदा एकाच वस्तीतून येतात, कधी एकाच चाळीतून. आपण मात्र दोन्हींकडे वेगवेगळे प्रश्न म्हणून पाहतो. एक ज्येष्ठांचा, दुसरा कामगारांचा. आमचे म्हणणे असे की हा एकच प्रश्न आहे. त्याचा हिशोब एकदा नीट मांडला, तर आपण नेमके काय मागायला हवे तेही स्पष्ट होईल.

ज्येष्ठ वाढत आहेत

२०११ च्या जनगणनेनुसार भारतात साठ वर्षांवरील लोक १० कोटींहून अधिक होते. महाराष्ट्रात दर शंभर माणसांमागे जवळपास १० जण साठीच्या पुढचे होते. संयुक्त राष्ट्र लोकसंख्या निधीच्या २०२३ च्या अहवालानुसार २०५० पर्यंत देशातला हा वाटा २० टक्क्यांच्या वर जाईल. माणसे जास्त जगू लागली ही चांगलीच गोष्ट आहे. पण मुले कमी झाली, तीही कामासाठी शहराच्या दुसऱ्या टोकाला किंवा परगावी गेली. दहा बाय बाराच्या खोलीत आजारी माणसाची खाट टाकायलाही जागा उरली नाही.

आतापर्यंत हा भार घरातल्या बाईने उचलला. सून, मुलगी नाहीतर बायको. तिने नोकरी सोडली, धुण्याभांड्याची दोन कामे सोडली, तर त्या बुडालेल्या पैशाची कुठे नोंद होत नाही. म्हणूनच घरातली सेवा "फुकट" वाटते. ती फुकट कधीच नव्हती. तिची किंमत एक बाई एकटी भरत होती.

आता हिशोब करू

आठवड्यात १६८ तास असतात. आठ तास रोज आणि एक सुटी, या नियमाने एक कामगार आठवड्याला ४८ तास काम करतो. म्हणजे एका माणसाजवळ चोवीस तास कोणीतरी हवे असेल, तर साडेतीन माणसे लागतात. प्रत्येकाला महिना १५,००० रुपये पगार धरला, तर खर्च ५२,५०० रुपये होतो. त्यात डायपर, औषधे, फिजिओथेरपी काहीच धरलेले नाही. आपल्यातली किती घरे हे देऊ शकतात?

देता येत नाही म्हणून बाजाराने यावर आपला तोडगा काढला. साडेतीन माणसांचे काम एकाच बाईकडून करून घ्यायचे. तिला "चोवीस तासांची मावशी" म्हणतात. ती पेशंटच्या खोलीत जमिनीवर झोपते आणि रात्री चार वेळा उठते. तिला महिना १८,००० मिळाले असे धरा. महिन्याचे ७२० तास होतात. म्हणजे तासाला २५ रुपये. त्यातूनही ब्युरोचे कमिशन जाते.

वृद्धाश्रमात खर्च विभागला जातो, म्हणून तो कमी होतो. समजा ३० ज्येष्ठ आहेत. सकाळी ५, दुपारी ५ आणि रात्री ३ सेविका लागतील. म्हणजे दिवसा सहा जणांमागे एक, रात्री दहा जणांमागे एक. दिवसाला १३ पाळ्या, आठवड्याला ९१. प्रत्येकीने सहा पाळ्या केल्या, तर १६ जणी लागतात. आजारपण आणि रजा धरून १७. प्रत्येकीला १५,००० दिले, तर महिन्याला २ लाख ५५ हजार. म्हणजे एका ज्येष्ठामागे ८,५०० रुपये, आणि तेही फक्त सेविकांच्या पगाराचे. जागेचे भाडे, जेवण, वीज, नर्स, डॉक्टर, स्वयंपाकी आणि सफाई हे सगळे त्यावर. सेविकांचा पगार २०,००० केला, तर हाच आकडा ११,३०० च्या वर जातो.

कोणी म्हणेल, यंत्रे आणा, खर्च कमी करा. इथे अर्थशास्त्रातली एक साधी गोष्ट आडवी येते. कारखान्यात यंत्र आले की एक कामगार पूर्वीपेक्षा दसपट माल काढतो, म्हणून पगार वाढला तरी वस्तू महाग होत नाही. पण अर्धांगवायू झालेल्या आजोबांना आंघोळ घालायला पन्नास वर्षांपूर्वी अर्धा तास लागत होता, आजही अर्धाच तास लागतो. घाई केली तर आजोबा पडतात. कुशीवर वळवायला कोणी नसेल तर पाठीला बेडसोर होतात. विल्यम बॉमोल या अर्थतज्ज्ञाने १९६० च्या दशकात ही गोष्ट मांडली. ज्या कामात माणसाचा वेळ हाच माल असतो, ते काम बाकीच्या वस्तूंच्या तुलनेत महागच होत जाते. इथे खर्च कमी करायचा म्हणजे एकतर माणसे कमी करायची, नाहीतर त्यांचा पगार कमी ठेवायचा. तिसरी वाट जवळपास नाही.

सरकारचा हात कुठपर्यंत पोचतो?

महाराष्ट्रात श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तिवेतन योजनेत ६५ वर्षांवरील गरीब ज्येष्ठांना महिना १,५०० रुपये मिळतात. केंद्राच्या इंदिरा गांधी राष्ट्रीय वृद्धापकाळ योजनेत केंद्राचा वाटा ७९ वर्षांपर्यंत २०० रुपये आणि ८० नंतर ५०० रुपये एवढाच आहे. खासगी कंपनीतून निवृत्त झालेल्यांसाठी ईपीएस-९५ ची किमान पेन्शन २०१४ पासून १,००० रुपयांवर अडकली आहे. आता हे आकडे वरच्या ८,५०० शेजारी ठेवून पाहा.

आपल्या समाजात एक पिढी आरक्षणामुळे रेल्वेत, पोस्टात, महापालिकेत लागली आणि पेन्शन घेऊन निवृत्त झाली. त्या पेन्शनवर आजही अनेक घरे उभी आहेत. पण १ नोव्हेंबर २००५ नंतर राज्य सेवेत लागलेल्यांना ती जुनी पेन्शन नाही. सफाईचे आणि सुरक्षेचे काम कंत्राटावर गेले. म्हणजे उद्याचे आपले ज्येष्ठ आजच्यापेक्षा जास्त असतील आणि त्यांच्या हातात पैसा कमी असेल.

२००७ च्या आई-वडील व ज्येष्ठ नागरिक निर्वाह आणि कल्याण कायद्याने मुलांकडून निर्वाहखर्च मागता येतो. त्याची कमाल मर्यादा महिना १०,००० रुपये आहे. प्रत्येक जिल्ह्यात किमान १५० निराधार ज्येष्ठांसाठी वृद्धाश्रम असावा असेही त्या कायद्यात आहे, पण राज्य सरकार तो उभारू "शकते" अशी शब्दरचना असल्याने सक्ती नाही. २०२४ पासून सत्तरीपुढच्या सगळ्यांना आयुष्मान भारत योजनेत ५ लाखांचे संरक्षण मिळाले, ही मोठी गोष्ट आहे. पण ते दवाखान्यात भरती झाल्यावर. घरी आल्यानंतर भरवायला, धुवायला, उठवून बसवायला जे माणूस लागते, त्याचा खर्च त्यात नाही.

दुसऱ्या टोकाला पुण्या-मुंबईच्या आसपास ज्येष्ठांसाठी खास गृहसंकुले उभी राहत आहेत. तिथे घर विकत घेता येते. पण अंथरुणाला खिळल्यावर सेवा करणारी बाई तिथेही लागतेच, आणि ती कुठल्यातरी वस्तीतूनच बस पकडून येते.

माणसे का टिकत नाहीत?

सेविका मिळत नाहीत अशी तक्रार सगळीकडे ऐकू येते. मिळाल्या तरी चार महिन्यांत सोडून जातात. कारणे गूढ नाहीत. काम अंगमेहनतीचे आहे. साठ किलोचा माणूस रोज उचलायचा म्हणजे कंबर जाते. कामाला मान नाही. मलमूत्र काढणे हे "आपले काम नव्हे" अशी या देशाची हजारो वर्षांची समजूत आहे आणि ते कोणाचे काम ठरवले गेले हे आपल्याला कोणी शिकवायला नको. आजही काही घरांत सेविकेचा कप वेगळा ठेवला जातो. दहा वर्षे काम केले तरी बढती नाही. पेशंट गेला की त्याच दिवशी काम गेले.

कायद्याचा आधारही तोकडा आहे. बाबासाहेब मजूरमंत्री असताना त्यांनी मांडलेल्या दुरुस्तीतून १९४६ मध्ये बारमाही कारखान्यांत आठवड्याला ४८ तासांची मर्यादा आली. ती मर्यादा कारखान्याच्या दारापर्यंत पोचली, घराच्या दारात मात्र थांबली. महाराष्ट्राने २००८ मध्ये घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा केला, पण तो कल्याणाचा आहे, कामाच्या तासांचा नाही. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने २०११ मध्ये घरकामगारांसाठी १८९ क्रमांकाचा करार केला. भारताने तो अजून मंजूर केलेला नाही.

जपानने एप्रिल २००० मध्ये ज्येष्ठांच्या सेवेसाठी सक्तीचा विमा सुरू केला. चाळिशीपुढचा प्रत्येक जण हप्ता भरतो, साधारण निम्मा पैसा करातून येतो आणि बहुतेक ज्येष्ठांना सेवेच्या खर्चाचा दहावा हिस्साच द्यावा लागतो. तरीही तिथे सेवकांची टंचाई आहे. सेवेचे दर सरकार ठरवते, ते कमी ठेवले जातात आणि म्हणून पगार इतर क्षेत्रांच्या मागे राहतो. २०१९ पासून जपान या कामासाठी परदेशी माणसे खास व्हिसावर घेतो. यातून धडा असा की पैसा उभा करणे पुरेसे नाही. तो सेवा करणाऱ्याच्या हातात पोचला पाहिजे.

आपल्या तरुणांनाही हे दार उघडत आहे. फेब्रुवारी २०२४ मध्ये महाराष्ट्र सरकारने जर्मनीच्या बाडेन-वुर्टेंबर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळाचा करार केला. जीएनएम झालेल्या मुलामुलींनी ही संधी जरूर पाहावी. पण आधी भाषा शिकावी, आणि लाखभर रुपये आगाऊ मागणाऱ्या एजंटापासून दूर राहावे.

"सेवा" म्हणून पगार बुडवू नका

विनयपिटकाच्या महावग्गातला प्रसंग आपल्या विहारांत अनेकदा सांगितला जातो. अतिसाराने आजारी पडलेला एक भिक्खू स्वतःच्याच घाणीत पडून होता आणि कोणी जवळ जात नव्हते. भगवान बुद्धांनी पाणी ओतले, आनंदांसह त्याला स्वच्छ केले, उचलून मंचकावर ठेवले. आजाऱ्याची सेवा ही आपलीच सेवा आहे, असे भिक्खूंना बजावले.

त्याच महावग्गातली पुढची गोष्ट मात्र कमी सांगितली जाते. आजारी भिक्खूचे निधन झाले, तर त्याचे पात्र आणि चीवर ज्यांनी त्याची शुश्रूषा केली त्यांना संघाने द्यावे, अशी तरतूद आहे. भिक्खूकडे तेवढेच असायचे. म्हणजे सेवा करुणेने करावी हे खरेच, पण सेवा करणाऱ्याचे ऋण समूहाने मानावे हेही तितकेच खरे. सिगालोवाद सुत्तातही मालकाची कर्तव्ये सांगितली आहेत : ताकद पाहून काम द्यावे, जेवण आणि वेतन द्यावे, आजारपणात काळजी घ्यावी, वेळेवर सुटी द्यावी. "हे तर पुण्याचे काम" म्हणत बाईला कमी पैशात राबवणाऱ्याने हे वाचावे.

आपण काय करू शकतो?

पहिले, हिशोब आणि हक्क वस्तीत पोचवा. विहारात महिन्यातून एक दिवस श्रावणबाळ, आयुष्मान आणि ई-श्रम नोंदणीचे शिबिर घेता येते. ज्येष्ठांसाठी १४५६७ ही राष्ट्रीय हेल्पलाइन आहे. निर्वाहखर्चाचा अर्ज उपविभागीय अधिकाऱ्याकडे करायचा असतो.

दुसरे, सेविका ठेवताना साध्या कागदावर लिहून घ्या : तास किती, पगार किती, कोणत्या तारखेला, आठवड्याची सुटी कोणती, रात्री किती तास झोप. आपणच मालक असतो तेव्हा हे आधी आपल्या घरी झाले पाहिजे. घर हेही २०१३ च्या लैंगिक छळविरोधी कायद्यानुसार कामाचे ठिकाण आहे आणि सेविका जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे तक्रार करू शकते, हे तिला सांगा.

तिसरे, सेविकांची सहकारी संस्था. ब्युरोकडे जे कमिशन जाते त्यातूनच प्रशिक्षण, विमा आणि बदली सेविकेची सोय होऊ शकते. एका वस्तीत वीस जणी काम करत असतील, तर सुरुवातीला एवढ्या पुरे आहेत.

चौथे, मागणी बदला. पेन्शन वाढवा ही मागणी हवीच. पण तिच्या जोडीला प्रत्येक वॉर्डात ज्येष्ठांसाठी दिवसभराचे केंद्र आणि सरकारी पगारावर प्रशिक्षित सेविका ही मागणी हवी. दिवसाचे आठ तास आजी केंद्रात राहिली, तर सुनेची नोकरी वाचते आणि वस्तीतल्या दोन मुलींना काम मिळते.

निवडणुका येतील तेव्हा उमेदवार विहारात येतीलच. पुतळा, कमान, सभागृह यांची आश्वासने आपण खूप ऐकली. या वेळी त्यांना एवढेच विचारा : आमच्या वॉर्डात अंथरुणाला खिळलेले ज्येष्ठ किती आहेत, त्यांना सांभाळणाऱ्या बाया किती आहेत, आणि त्यांच्या पगारासाठी तुमच्या बजेटमध्ये किती पैसे आहेत? उमेदवाराकडे उत्तर नसेल. म्हणून ती यादी आधी आपणच करून ठेवू.