ओळंब्याने हेरलेलं पर्वताचं मूळ

गवंड्याचा ओळंबा नेमका खालीच लोंबतो, या भरवशावर जगातल्या भिंती उभ्या आहेत. पण शेजारी हिमालय असेल तर ओळंबाही त्याच्याकडे किंचित कलतो. जिथे वस्तुमान तिथे ओढ, आणि पर्वतापाशी वस्तुमानाला काय तोटा! हा कल नेमका किती, याचा हिशेब एकोणिसाव्या शतकात भारतातल्या सर्वेक्षणातून पुढे आला आणि तो जुळता जुळेना.

मध्य प्रदेशातल्या सिरोंजजवळचं कल्याणपूर आणि उत्तर प्रदेशात मुझफ्फरनगरजवळचं कलियाना ही त्या महाकाय त्रिकोणमितीय सर्वेक्षणाची दोन ठाणी. त्यांच्यातलं अंतर सुमारे ६०० किलोमीटर. ते दोन रीतींनी काढलं होतं: एकदा जमिनीवर त्रिकोणांची साखळी जोडत, एकदा ताऱ्यांचे वेध घेऊन. वेध घेताना 'वर' म्हणजे कुठे, हे ओळंबाच सांगतो. दोन उत्तरांत ५.२३६ विकलांचा फरक आला, म्हणजे जमिनीवर जेमतेम १६० मीटर. मोजणीतली चूक म्हणून कुणी सोडूनही दिला असता.

कलकत्त्याचे आर्चडीकन जॉन हेन्री प्रॅट यांनी सोडला नाही. धर्मगुरू असले तरी केंब्रिजचं गणित त्यांच्या अंगात मुरलेलं होतं. हिमालय आणि त्यामागचं पठार यांचं वस्तुमान अंदाजून त्यांनी ओढ मोजली. फरक जवळपास १६ विकला यायला हवा होता! म्हणजे कोडं उलटंच निघालं. ओळंबा का कलला, हा प्रश्नच उरला नाही. एवढा पर्वत समोर असताना तो इतका कमी का कलला, हा खरा प्रश्न.

उत्तर दिलं ग्रीनविचचे राजखगोलशास्त्रज्ञ जॉर्ज एअरी यांनी, १८५५ मध्ये. पाण्यावरच्या तराफ्यातला एखादा ओंडका शेजाऱ्यांपेक्षा जास्त वर डोकावत असेल, तर तो खालीही जास्त बुडालेला असणार. पर्वताचंही तसंच, असं त्यांचं म्हणणं. उंच पर्वताखाली हलक्या खडकाचं खोल मूळ असतं. तिथे जड खडक असायला हवा होता, त्याची जागा हलक्याने घेतलेली असते. वर जेवढं वस्तुमान जास्त, तेवढी खाली तूट, म्हणून ओढ कमी. पुढे भूकंपलहरींनी याला दुजोरा दिला. खंडांचं कवच एरवी पस्तीस-चाळीस किलोमीटर जाड. तिबेटखाली ते सत्तरच्या घरात जातं. एव्हरेस्टची ८८४८.८६ मीटर उंची शाळेत पाठ करून घेतात, हे सत्तर किलोमीटर मात्र कुणी विचारत नाही.

प्रॅटना स्वतःला हे मूळ पटलं नाही. उंच भागाखालचा खडक विरळ असतो, म्हणून तो वर राहतो, असं त्यांनी मांडलं. गंमत म्हणजे तेही वाया गेलं नाही. महासागरांच्या तळाशी सुमारे ६५,००० किलोमीटर पसरलेली, जगातली सर्वांत लांब पर्वतरांग आहे. तिला खोल मूळ नाही. खालचा खडक तापून फुगलेला आहे, म्हणून ती उंच आहे. हिमालयाबाबत एअरी बरोबर, समुद्रतळाबाबत प्रॅट.

या तोलाला शास्त्रज्ञ समस्थायित्व म्हणतात. ओझं वाढलं की कवच खचतं. हवाईचा मौना केआ तळापासून १०,००० मीटरहून उंच, पण त्याच्या आणि शेजारच्या ज्वालामुखींच्या भाराने समुद्रतळच खाली वाकला आहे. ओझं उतरलं की कवच वर येतं. हिमयुगातला बर्फ वितळून हजारो वर्षं लोटली, तरी बॉथनियाच्या आखाताचा किनारा अजून वर्षाला जवळजवळ एक सेंटिमीटर वर सरकतो आहे.

पर्वताची झीज हेही ओझं उतरणंच. नद्या दऱ्या कोरून माती वाहून नेतात, मूळ वर उचललं जातं आणि उरलेली शिखरं आणखी वर जातात. २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासानुसार, सुमारे ८९,००० वर्षांपूर्वी अरुण नदीला दुसरी नदी येऊन मिळाली, तिचं पाणी आणि कोरण्याची ताकद वाढली, आणि त्यामुळे एव्हरेस्ट १५ ते ५० मीटर उंचावलं. ही कक्षा बरीच सैल आहे, आकडा पुढे बदलेलही. पण नदीने डोंगर कोरावा आणि शिखराने त्यामुळेच उंच व्हावं, हा हिशेब एअरींना चटकन पटला असता.