निष्कासन अंश

हृदयाच्या एका स्पंदात डाव्या निलयातून (जवनिकेतून) बाहेर टाकल्या जाणाऱ्या रक्ताचे, त्या स्पंदापूर्वी निलयात भरलेल्या एकूण रक्ताशी असलेले गुणोत्तर. ते सामान्यतः टक्केवारीत सांगतात. वैद्यकीय व्यवहारात हे गुणोत्तर ‘इजेक्शन फ्रॅक्शन’ किंवा नुसते ‘ईएफ’ या नावाने परिचित असून हृदयाच्या श्राव्यातीत ध्वनी तपासणीच्या, म्हणजे एकोकार्डिओग्राफीच्या, अहवालात ते ठळकपणे नोंदलेले असते. हृदयाच्या अकार्यक्षमतेचे वर्गीकरण, काही औषधांची व उपकरणांची निवड आणि झडपांवरील शस्त्रक्रियेची वेळ हे निर्णय बऱ्याच प्रमाणात या आकड्यावर अवलंबून असतात. तथापि हा एक आकडा म्हणजे हृदयाच्या आरोग्याचे संपूर्ण माप नव्हे. तो कमी असल्यास सर्व संपले असे मानणे आणि तो प्राकृत असल्यास हृदय निरोगी आहे असे मानणे, हे दोन्ही समज चुकीचे व प्रसंगी घातक ठरतात.

व्याख्या व गणन : हृद्‌स्नायू शिथिल झाले म्हणजे फुप्फुसांतून आलेले ऑक्सिजनयुक्त रक्त डाव्या अलिंदातून द्विदल झडपेवाटे डाव्या निलयात उतरते. प्रसरणाच्या अखेरीस निलयात असलेल्या रक्ताच्या घनफळास अंत्य प्रसरण घनफळ आणि आकुंचन संपल्यावर मागे उरणाऱ्या रक्ताच्या घनफळास अंत्य आकुंचन घनफळ म्हणतात. या दोहोंतील फरक म्हणजे स्पंद घनफळ होय. स्पंद घनफळाला अंत्य प्रसरण घनफळाने भागून १०० ने गुणले असता निष्कासन अंश मिळतो. उदा., प्रसरणाच्या अखेरीस निलयात १२० मिलि. रक्त असून आकुंचनानंतर ५० मिलि. उरले, तर ७० मिलि. रक्त महारोहिणीत गेले. अशा वेळी निष्कासन अंश सु. ५८% येतो. मिनिटाला ७२ स्पंद या हिशेबाने असे हृदय दर मिनिटास सु. ५ लि. रक्त शरीरास पुरविते.

यावरून स्पष्ट होईल की, निरोगी निलयदेखील कधी पूर्णपणे रिकामे होत नाही. अमेरिकेतील व यूरोपातील एकोकार्डिओग्राफी तज्ञांच्या संस्थांनी २०१५ मध्ये दिलेल्या संयुक्त शिफारशींनुसार डाव्या निलयाच्या निष्कासन अंशाची प्राकृत मर्यादा पुरुषांत ५२ ते ७२% व स्त्रियांत ५४ ते ७४% आहे. परीक्षेतील गुणांप्रमाणे १०० पैकी ६० असा त्याचा अर्थ लावता येत नाही. तसेच ३०% निष्कासन अंश म्हणजे हृदयाचा ७०% भाग निकामी झाला, असाही अर्थ होत नाही. योग्य तुलना १०० शी नव्हे, तर सु. ६० शी करावी लागते.

निलयात मागे उरणारे रक्त निरुपयोगी नसते. ती एक प्रकारची राखीव शिल्लक असते. श्रमाच्या वेळी निरोगी हृदय अधिक जोराने आकुंचन पावते, मागे उरणारे रक्त कमी होते व निष्कासन अंश वाढतो. दुसरी लक्षणीय गोष्ट अशी की, हृद्‌स्नायूचे तंतू प्रत्येक आकुंचनात केवळ सु. १५ टक्क्यांनी आखूड होतात, तरीही निलयाचे घनफळ निम्म्याहून अधिक घटते. निलयाच्या भित्तीतील तंतूंची मांडणी सर्पिल असल्यामुळे आकुंचनाच्या वेळी भित्ती जाड होते, पोकळी आखूड होते आणि ओले वस्त्र पिळावे तसा तिला पीळ पडतो. या तिन्ही क्रियांचा एकत्रित परिणाम निष्कासन अंशात उतरतो.

इतिहास : विल्यम हार्वी या इंग्रज वैद्यांनी १६२८ मध्ये रक्ताभिसरणाचा सिद्धांत मांडताना निलय प्रत्येक स्पंदात किती रक्त बाहेर टाकते, याचा अंदाज बांधून त्यावर युक्तिवाद उभारला होता. दर मिनिटास हृदयातून बाहेर पडणारे रक्त ऑक्सिजनाच्या वापरावरून मोजण्याचे तत्त्व आडोल्फ फिक यांनी १८७० मध्ये मांडले. जिवंत माणसाच्या हृदयात नळी घालणे शक्य आहे हे व्हेर्नर फोर्समान यांनी १९२९ मध्ये जर्मनीत स्वतःवरच प्रयोग करून दाखविले. ही पद्धत पुढे विकसित करणारे आंद्रे कूर्नां व डिकिन्सन रिचर्ड्‌स यांना फोर्समान यांच्यासमवेत १९५६ चे वैद्यकाचे नोबेल पारितोषिक मिळाले. निलयात क्ष-किरणांना अपारदर्शक द्रव्य सोडून दोन दिशांनी घेतलेल्या चित्रांवरून त्याचे घनफळ काढण्याची रीत हॅरल्ड डॉज व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६० मध्ये प्रसिद्ध केली. दरम्यान १९५३ मध्ये स्वीडनमधील लुंड येथे इंगे एड्‌लर व हेल्मुट हेर्ट्‌स यांनी श्राव्यातीत ध्वनीच्या साहाय्याने हृदयाच्या हालचाली नोंदविल्या होत्या. या तंत्राच्या वाढीमुळे निष्कासन अंशाचे मापन शरीरात काहीही न टोचता, रुग्णशय्येजवळ आणि वारंवार करता येऊ लागले.

मापनपद्धती : सर्वांत अधिक वापरात असलेली पद्धत श्राव्यातीत ध्वनीची होय. तीत हृदयाच्या अग्राकडून दोन वेगवेगळ्या प्रतलांत निलयाची चित्रे घेऊन पोकळीची आतील कडा आखतात. संगणक त्या आकृतीचे सामान्यतः २० चकत्यांत विभाजन करून त्यांच्या घनफळांची बेरीज करतो. अठराव्या शतकातील इंग्रज गणितज्ञ टॉमस सिंप्सन यांच्या नावाने ही रीत ओळखली जाते. केवळ एका रेषेवर निलयाचा व्यास मोजून घनफळ काढण्याची जुनी रीत सोपी असली, तरी हृद्‌रोहिणी विकारात भित्तीचा एखादाच भाग दुबळा झालेला असल्यास ती फसवी ठरते. अनुभवी तज्ञ नुसत्या नजरेनेही अंदाज देतात व तो पुष्कळदा मोजमापाच्या जवळ येतो.

चुंबकीय अनुस्पंदन प्रतिमादर्शन, म्हणजे एमआरआय, ही पद्धत सर्वांत अचूक मानली जाते. मात्र ती खर्चिक व वेळखाऊ आहे. टेक्नेशियम-९९एम या किरणोत्सर्गी समस्थानिकाने लाल रक्तकोशिका चिन्हित करून गॅमा कॅमेऱ्याने मोजणी करण्याच्या पद्धतीत निलयाचा आकार गृहीत धरावा लागत नाही. त्यामुळे कर्करोगावरील औषधोपचारांत पुनःपुन्हा मापन करण्यासाठी ती दीर्घकाळ उपयोगात आहे. कारण डॉक्सोरुबिसिन, ट्रॅस्टुझुमॅब इ. औषधांमुळे हृद्‌स्नायूस इजा होऊ शकते.

श्राव्यातीत ध्वनीच्या नेहमीच्या पद्धतीत एकाच रुग्णाच्या दोन मापनांत ५ ते १० टक्क्यांचा फरक केवळ मापनातील अनिश्चिततेमुळे पडू शकतो. म्हणून एका अहवालात ४० व दुसऱ्यात ४४ असा आकडा आल्यास सुधारणा झाली असे निश्चितपणे म्हणता येत नाही. नाडी अनियमित असल्यास प्रत्येक स्पंदाचा अंश वेगळा येतो व अनेक स्पंदांची सरासरी घ्यावी लागते.

अंशाचा अर्थ : निष्कासन अंश हे गुणोत्तर असल्यामुळे शरीरास प्रत्यक्ष किती रक्त मिळते हे त्यावरून समजत नाही. विकारामुळे विस्फारलेल्या एखाद्या निलयात २४० मिलि. रक्त मावत असून त्यातील ७२ मिलि. बाहेर जात असेल, तर अंश ३०% येतो. पण स्पंद घनफळ निरोगी हृदयाइतकेच असते. असा रुग्ण विश्रांतीच्या वेळी विशेष त्रास न होता बसलेला दिसतो, यात आश्चर्य नाही. उलट दीर्घकालीन उच्च रक्तदाबामुळे भित्ती जाड होऊन पोकळी लहान झालेल्या निलयात ७० मिलि. रक्त भरत असेल व ४५ मिलि. बाहेर जात असेल, तर अंश सु. ६४% म्हणजे प्राकृत येतो. शरीरास मात्र रक्त अपुरे मिळते व रुग्णास थोड्या श्रमानेही धाप लागते.

झडपांच्या विकारांत हा आकडा अधिकच सावधगिरीने वाचावा लागतो. द्विदल झडप गळत असल्यास निलयातील रक्ताचा काही भाग अलिंदात परत जातो. २०० मिलि. पैकी १२० मिलि. बाहेर पडून त्यांतील ५० मिलि. मागे गेले, तर अंश ६०% दिसतो. पण महारोहिणीत केवळ ७० मिलि. जाते. यामुळेच या विकाराच्या तीव्र अवस्थेत निष्कासन अंश ६०% वा त्याखाली येणे हीच हृद्‌स्नायू दुबळा होऊ लागल्याची खूण समजतात व लक्षणे नसतानाही शस्त्रक्रियेचा विचार करतात. संधिज्वरामुळे द्विदल झडप अरुंद झालेल्या रुग्णाचे डावे निलय बहुधा चांगले असते. त्याचा अंश प्राकृत असूनही त्यास धाप लागते, कारण अडथळा निलयाच्या आधी असतो.

हृद्‌रोहिण्या अरुंद झाल्या आहेत की नाही, हे निष्कासन अंश सांगत नाही. ज्या व्यक्तीचा अंश आज ६०% आहे, तिला उद्या हृदयविकाराचा झटका येऊ शकतो. म्हणून छातीत दुखत असताना पूर्वीच्या अहवालातील प्राकृत आकड्यावर विसंबून राहणे धोक्याचे असते.

वर्गीकरण व उपचार : हृदयाच्या अकार्यक्षमतेचे २०२१ मधील आंतरराष्ट्रीय व्याख्येनुसार वर्ग केले जातात : अंश ४०% वा त्याहून कमी असलेला, ४१ ते ४९% असलेला आणि ५०% वा त्याहून अधिक असलेला. उपचारांनी अंश ४० च्या वर जाऊन किमान १० टक्क्यांनी सुधारलेल्या रुग्णांचा वेगळा वर्ग मानतात. तिसऱ्या वर्गात निलय आकुंचन पावते, पण नीट सैल होत नाही. वृद्ध, स्थूल, मधुमेही व उच्च रक्तदाबाच्या रुग्णांत हा प्रकार विशेष आढळतो.

पहिल्या वर्गात बीटा रोधके, अँजिओटेन्सिन यंत्रणेवर परिणाम करणारी औषधे, स्पायरोनोलॅक्टोनसारखी औषधे व मुळात मधुमेहासाठी तयार झालेली एसजीएलटी-२ रोधके या चार गटांच्या वापराने मृत्यूचे प्रमाण घटते. एसजीएलटी-२ रोधकांचा लाभ अधिक अंश असलेल्या रुग्णांसही होतो, असे २०२१ व २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या परीक्षणांत दिसून आले. किमान तीन महिने योग्य औषधे घेऊनही अंश ३५% वा त्याहून कमी राहिल्यास अचानक मृत्यू टाळण्यासाठी विद्युत् धक्का देणारे उपकरण छातीत बसविण्याचा विचार करतात.

कमी झालेला अंश नेहमीच कायमचा नसतो. झटक्यानंतर काही हृद्‌स्नायू मृत न होता केवळ स्तब्ध झालेला असतो व काही आठवड्यांत पुन्हा काम करू लागतो. अतिमद्यपान, सतत जलद चालणारी नाडी अथवा बाळंतपणाच्या सुमारास उद्‌भवणारा हृद्‌स्नायुविकार यांतही कारण दूर झाल्यावर किंवा उपचारांनी अंश पुष्कळदा वाढतो. तथापि आकडा सुधारला म्हणजे विकार संपला असे नाही. ब्रिटनमध्ये झालेल्या व २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका परीक्षणात, विस्फारित हृदय पूर्ववत झालेल्या रुग्णांपैकी ज्यांची औषधे क्रमाक्रमाने थांबविली, त्या २५ पैकी ११ जणांत सहा महिन्यांत विकार उलटला. औषधे चालू ठेवलेल्या गटात तसे एकाही रुग्णात घडले नाही. त्यामुळे अंश प्राकृत झाल्यावरही वैद्याच्या सल्ल्यावाचून औषधे बंद करू नयेत.

निष्कासन अंश रक्तदाब, निलयात येणारे रक्त व नाडीची गती यांनुसार बदलतो. त्यामुळे तंतू किती आखूड होतात हे थेट मोजण्याच्या पद्धतीही आता वापरात आल्या असून अंश घटण्यापूर्वीच होणारी इजा त्यांतून काही वेळा कळते. तरीही मोजण्यास सोपा आणि भविष्यातील धोक्याशी निकटचा संबंध असलेला म्हणून निष्कासन अंशाचे महत्त्व टिकून आहे. रुग्णाची लक्षणे, निलयाचे आकारमान, झडपांची स्थिती व पूर्वीची मापने यांसह वाचला असता तो उपयुक्त ठरतो.