झुरळ, वाळवी आणि त्यांचे नैसर्गिक शत्रू

पावसाळ्यात आपल्या वस्त्यांमध्ये झुरळे आणि वाळवी दोन्हींचा त्रास वाढतो. दहा बाय दहाच्या बंद खोलीत विषारी औषध फवारले, की ते भांड्यांवर, अंथरुणावर आणि रांगणाऱ्या बाळाच्या हातावरही बसते. म्हणून आम्ही घरोघरी सांगतो, फवारणीच्या आधी या किडींचे नैसर्गिक शत्रू ओळखा. त्यांच्या मदतीने कीड आटोक्यात ठेवणे म्हणजेच जैविक कीड नियंत्रण.

पहिली मदतनीस पाल. घरातली पाल विषारी नसते आणि तिच्या चुकचुकण्याने शुभ-अशुभ काही ठरत नाही. ती झुरळाची पिल्ले खाते. तिला मारू नका, फक्त अन्न झाकून ठेवा.

गटारीतले मोठे तांबूस झुरळ 14 ते 16 अंड्यांची पेटी कोपऱ्यात चिकटवून निघून जाते. एक बारीक काळी गांधीलमाशी त्या पेटीत आपले अंडे घालते आणि तिची अळी आतली अंडी खाऊन टाकते. चालताना ही माशी आपले छोटेसे पोट झेंड्यासारखे हलवते. माणसाला ती डंख मारत नाही.

स्वयंपाकघरातले छोटे झुरळ मात्र 30 ते 40 अंड्यांची पेटी पोटालाच धरून हिंडते. तिथे या माशीचा उपयोग होत नाही. त्याला उपाशी ठेवणे हाच उपाय. रात्री खरकटे ठेवू नका, ओटा कोरडा करा, फटी बुजवा, मोरीला जाळी लावा. झुरळाची विष्ठा आणि कात यांमुळे मुलांचा दमा बळावतो, हेही लक्षात ठेवा.

शेतकरी उसातल्या हुमणीसाठी मेटारायझियम नावाची बुरशी वापरतात. ती वाळवीलाही मारते. पण वाळव्या एकमेकींचे अंग चाटून साफ करतात, मेलेल्यांना पुरतात, त्यामुळे सगळे वारूळ मरेलच असे नाही. वाळवीच्या मोठ्या शत्रू म्हणजे मुंग्या. भिंतीवर मातीच्या नळ्या दिसल्या की मोडा, म्हणजे मुंग्यांना वाट मिळते. भिंतीची ओल काढा. बाबासाहेबांचे ग्रंथ भिंतीला टेकवून ठेवू नका, पत्र्याच्या पेटीत ठेवा आणि महिन्यातून एकदा उघडून पाहा.

विहारात आम्हाला विचारतात, मग पहिल्या शीलाचे काय? बुद्धांनी दुःखाचे कारण शोधायला शिकवले. ओल, खरकटे आणि उघडे गटार ही इथली कारणे. ती दूर केली तर मारण्याची वेळ कमी येते. गटार झाकणे हे नगरपालिकेचे काम आहे. वस्तीच्या सह्या घेऊन लेखी मागणी करा आणि पोच घ्या.

तरीही औषध वापरावेच लागले, तर ते पाण्याच्या बाटलीत कधीही भरू नका. कुणाच्या पोटात गेले आणि लाळ, घाम, उलटी, धाप सुरू झाली, तर घरी उलटी करवू नका. अंगावर सांडले असेल तर कपडे काढून साबणाने धुवा. 108 ला फोन करा आणि औषधाची बाटली दवाखान्यात सोबत न्या.

जय भीम!