इंग्रजांना वगळून वेरूळला आलेला पाहुणा

लॅक्मेचं काजळ, 'मादाम बटरफ्लाय' हा ऑपेरा आणि खुलताबादच्या घाटाखालची वेरूळची लेणी. या तिघांत सामाईक काय, असं प्रश्नमंजूषेत विचारलं तर भलेभले गप्प बसतील. उत्तर आहे पिएर लोती. पेशाने फ्रेंच नौदलातला अधिकारी, छंदाने नकल्या आणि एकेकाळी फ्रान्समधला अत्यंत लोकप्रिय कादंबरीकार.

खरं नाव ज्युलियाँ व्हियो. जन्म 1850, गाव रोशफोर. 'लोती' हे नाव ताहिती बेटावर मिळालं, एका फुलावरून.

आता काजळाची गोष्ट. ताहितीतल्या प्रेमावर त्याने 1880 मध्ये एक कादंबरी लिहिली. तिच्यावरून सुचलेला ऑपेरा लिओ दलीब या संगीतकाराने 1883 मध्ये पॅरिसच्या रंगमंचावर आणला, पण कथा बेटावरून उचलून थेट हिंदुस्थानात ठेवली आणि नायिका केली लाक्मे, म्हणजे आपली लक्ष्मी. टाटांनी 1952 मध्ये सौंदर्यप्रसाधनांची कंपनी काढली, तेव्हा नाव घेतलं ते याच ऑपेराचं. लक्ष्मी पॅरिसला गेली, पावडर-लाली लावून माहेरी परतली! लोतीच्याच जपानवरच्या 'मादाम क्रिझान्थेम' (1887) या पुस्तकाचा धागा पुढे पुचिनीच्या 'मादाम बटरफ्लाय'पर्यंत जातो.

स्वारी स्वतः हिंदुस्थानात आली ती 1899च्या अखेरीस. सरकारी काम एवढंच की त्रावणकोरच्या महाराजांना फ्रान्सचं मानचिन्ह पोचवायचं. बाकी सगळी भटकंती. त्यातून 1903 मध्ये पुस्तक निघालं, 'हिंदुस्थान (इंग्रजांशिवाय)'. कंसातला खोडसाळपणा त्याचाच. अर्पणपत्रिका तर आणखी जहाल: तेव्हा इंग्रजांशी लढलेले ट्रान्सवालचे अध्यक्ष क्रूगर आणि त्यांचे वीर.

पण इंग्रजांचं राज्य असताना इंग्रज वगळायचे कसे? युक्ती साधी होती. मुक्काम शक्यतो संस्थानांत. त्रावणकोर, हैदराबाद, उदयपूर, जयपूर, ग्वाल्हेर; मधेच फ्रेंचांचं पाँडिचेरी. मुंबई-पुण्याला या पुस्तकात वेगळं प्रकरण नाही, वेरूळला मात्र आहे, कारण हा मुलूख निजामाचा! आपल्या मराठवाड्याला निजामी राजवटीचा झालेला असा फायदा क्वचितच सापडेल.

दौलताबादचा किल्ला पाहून तो वेरूळकडे वळला. ही वाट खुलताबादवरून जाते. गावाचं त्या काळी चालणारं दुसरं नाव रौझा. औरंगजेबाची उघडी कबर तेव्हा आजच्यापेक्षाही साधी होती. भोवतीची संगमरवरी जाळी नंतर आली, तीही लॉर्ड कर्झनच्या सांगण्यावरून. लोतीने पुस्तकातून घालवलेला इंग्रज इथे असा मागच्या दाराने आत शिरला.

लेण्यांत तो शिरला रात्री, वाटाड्याबरोबर, दिव्याच्या उजेडात. आठव्या शतकात राष्ट्रकूटांनी वरून खाली कोरत आणलेलं कैलास लेणं दिवसासुद्धा माणसाला गप्प करतं. अंधारात, हलत्या उजेडात शिवाच्या त्या प्रचंड मूर्ती पाहून लोतीची पाचावर धारण बसली आणि ती भीती त्याने पानंच्या पानं रंगवून लिहिली. शिल्पशास्त्र, सनावळ्या, राजवंश यांच्या भानगडीत तो फारसा पडला नाही. अभ्यासकाला हे खटकेल. मला विचाराल तर त्याचं वेरूळ म्हणूनच अजून वाचवतं.

या प्रवासाची काळी बाजूही त्याने झाकली नाही. 1899-1900च्या महादुष्काळाचं ते वर्ष. आगगाडीच्या फलाटांवर हाडांचे सापळे झालेली पोरं हात पसरत होती, त्याच गाडीला धान्याच्या वाघिणी जोडलेल्या होत्या. हे त्याने पाहिलं आणि लिहिलं. रंगेल, नखरेल म्हणून हिणवला गेलेला हा लेखक तिथे एकदम कठोर होतो. पुस्तकातली सर्वांत बळकट पानं तीच.

नखरेल तो होताच म्हणा. उंचीने बेताचा, म्हणून उंच टाचांचे बूट. चेहऱ्याला रंगरंगोटी. तरुणपणी चक्क सर्कशीत कसरती केल्या. मांजरांवर जीव इतका की एका मांजरीच्या नावाने भेटीची कार्डं छापली होती. वडिलोपार्जित घरात तुर्की दिवाणखाना, जपानी देवघर, मध्ययुगीन दालन आणि एक अख्खी मशीदसुद्धा! 1888 मध्ये त्याने घरी पंधराव्या शतकाची मेजवानी दिली आणि पाहुण्यांना त्या काळच्या पोशाखात बोलावलं. हे घर आज संग्रहालय आहे. दुरुस्तीसाठी 2012 पासून बंद होतं, 2025 मध्ये पुन्हा उघडलं.

1891 मध्ये तो फ्रेंच अकादमीवर निवडून आला, तेही एमील झोलाला मागे टाकून. आपण फारसं वाचत नाही, असं मात्र तो बिनदिक्कत सांगे. 1923 मध्ये वारला तेव्हा सरकारी इतमामात अंत्यसंस्कार झाले. इस्तंबूलमध्ये एक टेकडी आणि तिच्यावरचं कॉफीघर आजही त्याच्या नावाने ओळखलं जातं. खुलताबादेत त्याच्या नावाची साधी चहाची टपरीही नाही.

त्या प्रवासवर्णनाचं इंग्रजी भाषांतर 1906 मध्ये लंडनहून निघालं. हक्क कधीच संपलेत, त्यामुळे इंटरनेटवर ते फुकट मिळतं. वेरूळला निघण्याआधी ते प्रकरण जरूर वाचा. लोतीसारखं रात्री जाता येणार नाही, फाटक दिवस मावळताच बंद होतं. आणि मंगळवारी तर मुळीच जाऊ नका, त्या दिवशी लेण्यांना सुट्टी असते.