लहान पडद्यांचा व्यापार

निपाणीचा तंबाखू आणि सदलग्याचा ऊस ही दोन्ही नगदी पिके. पण त्यांच्या विक्रीची रीत निराळी. तंबाखू वाळवून वखारीत ठेवता येतो, भाव पाहून विकता येतो. दूधगंगेकाठचा ऊस मात्र एकदा तोडला, की दिवसागणिक त्यातील साखर घटते. कारखान्याचा काटा गाठावाच लागतो. सदलग्याच्या बाजारात हातोहाती दिसणाऱ्या मोबाईल फोनचा पडदा हा व्यापाराच्या दृष्टीने उसाच्या जातीचा आहे.

दूरचित्रवाणीच्या पडद्यांची मापे ठरलेली असतात. एका गिऱ्हाइकाने नाकारलेला माल दुसरा उचलतो. फोनचा पडदा मात्र एकाच गिऱ्हाइकाच्या एकाच नमुन्यासाठी घडतो. त्याने पाठ फिरविली, की तो कोणाच्याच कामाचा नाही. शिवाय कारखाना अर्धा रिकामा राहिला, तरी यंत्रांचा खर्च थांबत नाही.

हा व्यापार एकेकट्याने झेपेना, म्हणून सोनी, तोशिबा आणि हिताची या प्रतिस्पर्ध्यांनी आपापले लहान व मध्यम पडद्यांचे विभाग एकत्र केले आणि एप्रिल २०१२ मध्ये ‘जपान डिस्प्ले’ कंपनी सुरू झाली. सरकारी पाठबळाच्या निधीने २०,००० कोटी येन घालून ७० टक्के भाग घेतला. तिघांकडे प्रत्येकी १० टक्के राहिला. धोरण स्पष्ट होते. दूरचित्रवाणीच्या मोठ्या पडद्यांच्या वाटेस जायचे नाही. काचेवरील सिलिकॉनचा थर लेसरने वितळवून स्फटिकरूप करायचा, त्यायोगे ट्रान्झिस्टर बारीक होतात, प्रकाश अधिक झिरपतो आणि वीज वाचते. या विद्येत जपानी कारागिरी खरोखरच अव्वल होती.

परंतु स्पर्धक कमी झाले, तरी गिऱ्हाइके वाढली नाहीत. निम्म्याहून अधिक विक्री एकट्या ॲपलला होऊ लागली. २०१५ मध्ये हाकुसान येथे सुमारे १७,००० कोटी येनचा कारखाना योजिला गेला, तोही बव्हंशी ॲपलच्या आगाऊ रकमेवर. फेड मालाच्या विक्रीतून व्हायची. विसार घेऊन लावलेल्या पिकाचा मालक कोण, हा प्रश्न सदलग्याच्या शेतकऱ्याला नवा नाही. २०१७ मध्ये ॲपलने आपल्या नव्या महागड्या फोनसाठी स्वयंप्रकाशी ओएलईडी पडदा निवडला. तो सॅमसंगचा होता. जपान डिस्प्लेची त्या पडद्याची तयारी मागे पडली होती.

हाकुसानचे काम २०१९ मध्ये थांबले आणि पुढच्याच वर्षी तो कारखाना शार्पच्या हाती गेला. कंपनी मोटारींच्या पडद्यांकडे वळली. तेथे नमुना अनेक वर्षे टिकतो, पण मागणी फोनइतकी नसते. २०२५ च्या फेब्रुवारीत तिने मोबारा येथील आपल्या जुन्या कारखान्यातील उत्पादनही बंद करण्याचा निर्णय जाहीर केला.