एकतर्फी मनाई हुकूम आणि महाड

विहाराच्या किंवा समाजमंदिराच्या जागेचा वाद निघाला की समोरचा आधी कोर्ट गाठतो. आपल्याला नोटीस नाही, आपले म्हणणे कुणी ऐकलेले नाही, आणि बेलीफ मनाई हुकूम घेऊन दारात उभा! मग आपलेच कार्यकर्ते म्हणतात, आता संपले. आम्हाला हे मान्य नाही.

हा डाव जुना आहे. महाडच्या सनातन्यांनी १२ डिसेंबर १९२७ रोजी बाबासाहेबांवर दावा लावला आणि दोनच दिवसांत चवदार तळ्यावर जाण्यास तात्पुरती मनाई मिळवली. परिषद २५ तारखेला होती, हे ध्यानात घ्या. बाबासाहेबांनी सत्याग्रह तहकूब केला, पण लढाई कोर्टात नेली. २३ फेब्रुवारी १९२८ रोजी मनाई उठली. मूळ दावा मात्र हायकोर्टात १७ मार्च १९३७ पर्यंत चालला, आणि तोही आपणच जिंकलो.

आज दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम ४ खाली असा हुकूम उठवण्याचा अर्ज देता येतो. वादीने महत्त्वाच्या बाबीत जाणूनबुजून खोटे सांगितले असेल तर तेच आधी दाखवा. नोटीस न देता हुकूम का दिला, याची कारणे कोर्टाने लिहिलेली असावी लागतात, ती वाचा. मनाईच्या अर्जाचा निकाल ३० दिवसांत लावण्याचा प्रयत्न कोर्टाने करायचा असतो. ते झाले नाही तर थेट अपील करता येते, असे सुप्रीम कोर्टाने २००० साली सांगितले आहे.

आणि वादाची नुसती कुणकुण लागली तरी कलम १४८-अ खाली कॅव्हेट टाका. ते ९० दिवसच चालते. तारीख वहीत लिहून ठेवा.